नादिर म्हणजे नक्की काय? ओळंब्यापासून केमोच्या फाईलपर्यंत

तुमचा प्रश्न असा: तुम्ही अंबाजोगाईला नुकतंच ड्रोनने मोजणीचं काम सुरू केलंय. सॉफ्टवेअरमध्ये कॅमेऱ्याच्या कोनासाठी 'नादिर' असा पर्याय दिसतो. त्याच सुमारास काकांची केमोथेरपी झाली आणि फाईलवर डॉक्टरांनी लिहिलं, 'नादिर दहाव्या दिवसाच्या आसपास'. शाळेत कधीतरी 'अधःस्वस्तिक' वाचल्याचं आठवतंय. हे सगळं एकच आहे का, आणि मराठीत त्याला काय म्हणायचं?

आधी काकांचं सांगतो, कारण ते थांबण्यासारखं नाही. फाईलवरच्या ओळीचा अर्थ असा की केमोनंतर रक्तातल्या पांढऱ्या पेशी कमी कमी होत जातात आणि दहाव्या दिवसाच्या आसपास सगळ्यात खाली असतील. सातव्या ते चौदाव्या दिवसाच्या दरम्यान ताप १००.४ फॅरनहाइट किंवा त्याच्या वर गेला, तर क्रोसिन देऊन सकाळची वाट बघायची नाही. रात्रीचे दोन वाजले असले तरी दवाखाना गाठायचा. बाकीचं सविस्तर खाली येईलच.

मी तीस-बत्तीस वर्षं मोजणीच्या कामात आहे. कालवे, पाणीपुरवठा योजना, रस्ते आणि आता ड्रोन. त्यामुळे हा शब्द मला आधी भेटला तो दुर्बिणीच्या यंत्रावर, दवाखान्यात बऱ्याच नंतर. पण खरं सांगायचं तर त्याची ओळख त्याहीआधी झाली होती, फक्त नाव माहीत नव्हतं. आमच्या गावाकडे गवंडी भिंत धरताना म्हणायचा, "वळंबा सोड रे." पितळी लट्टू दोरीला लटकायचा, थोडा वेळ डोलायचा, मग गप्प व्हायचा. त्या लट्टूचं टोक जिकडे दाखवतं ती दिशा म्हणजे नादिर. दोरी खाली जमिनीत, पृथ्वीच्या पोटातून आरपार आणि पलीकडच्या आकाशापर्यंत लांबवली आहे असं मनात धरा. पलीकडच्या आकाशाला ती जिथे टेकेल तो बिंदू म्हणजे खगोलशास्त्रातला नादिर. दोरी उलट वर लांबवली की डोक्यावर जो बिंदू मिळतो तो खमध्य किंवा खस्वस्तिक, इंग्रजीत झेनिथ. दोघांच्या बरोबर मधोमध चहूबाजूंनी क्षितिज.

इथे एक गोष्ट पक्की करून घ्या, कारण पुढचे सगळे घोटाळे तिथूनच होतात. नादिर ही जागा नाही, दिशा आहे, आणि ती ज्याची त्याची असते. विहिरीचा तळ सगळ्यांचा एकच असतो. नादिर तसा नसतो. छत्रपती संभाजीनगरात सोडलेला ओळंबा आणि लातुरात सोडलेला ओळंबा समांतर नसतात. दोन्ही शहरांत सरळ रेषेत दोनशे-सव्वादोनशे किलोमीटर अंतर आहे आणि पृथ्वीच्या गोलाईवर एक अंश म्हणजे साधारण १११ किलोमीटर, म्हणजे त्या दोन दोऱ्यांत जवळपास दोन अंशांचा कोन पडतो. म्हणून नादिर म्हटलं की लगेच विचारायचं, कुणाचा? उभ्या माणसाचा, कॅमेऱ्याचा, उपग्रहाचा की रोग्याच्या रक्ताचा?

शब्द अरबी आहे. मूळ 'नझीर', म्हणजे समोरचा, जोडीचा, तोडीचा. 'नझीर अस्-सम्त' म्हणजे डोक्यावरच्या दिशेच्या बरोबर समोरचा. लॅटिनमध्ये जाताना मागचा भाग गळाला आणि नादिर उरला. झेनिथची गंमत तर याहून मोठी. तो 'सम्त' याच शब्दावरून आला. मध्ययुगातल्या नकलाकारांनी 'म' च्या जागी 'नि' वाचलं असं मानतात. दिशा मोजायचा अॅझिमथही 'सम्त'च्याच अनेकवचनावरून. आपल्याकडे निजामाच्या कारभारामुळे अरबी-फारसी शब्द रोजच्या बोलण्यात आहेत, म्हणून हे आपल्याला परकं वाटू नये. नादिर ज्या धातूचा, त्याच धातूची आपली 'नजर'. कोर्टात सामानसुमान आणि समन्सचा हिशेब बघणारा 'नाझर' असतो ना, तोही त्याच घराण्यातला, 'बघणारा'. 'बेनजीर' म्हणजे ज्याला जोड नाही असा. मात्र नादिरशहाचा नादिर वेगळा; त्याचा अर्थ दुर्मिळ, अरबीत त्याची अक्षरंच निराळी. मला एका उर्दू शाळेच्या मास्तरांनी यावरून झापलं होतं, तेव्हापासून लक्षात आहे.

मराठीत परिभाषेचा शब्द अधःस्वस्तिक. अधोबिंदूही चालतो. माझं मत विचाराल तर आकाशाबद्दल लिहिताना अधःस्वस्तिक लिहा, कारण खस्वस्तिकाशी त्याची जोडी जमते. आलेखातल्या सगळ्यात खालच्या टोकाला अधोबिंदू म्हणा. ड्रोनच्या आणि दवाखान्याच्या कामात मात्र सरळ नादिर म्हणा. पोराला "अधःस्वस्तिक चित्रण कर" म्हणाल तर तो ड्रोन ठेवून पूजेचं ताट घेऊन येईल.

आकाशातल्या नादिरचा उपयोग काय, असं पुष्कळ जण विचारतात, कारण तो कधी दिसतच नाही. पायाखाली अख्खी पृथ्वी आडवी. पण हिशेबात तो लागतो. शून्य सावलीचा दिवस आपल्याला माहीत आहे. संभाजीनगरात मे महिन्याच्या १९-२० तारखेच्या सुमारास दुपारी साडेबाराच्या थोडं आधी सूर्य नेमका खमध्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली काठीच्याच बुडाशी लपते. याची उलट बाजू कुणी साजरी करत नाही. २१ नोव्हेंबरच्या आसपास, मध्यरात्री सव्वाबाराच्या सुमारास, सूर्य संभाजीनगरकरांच्या बरोबर पायाखाली, म्हणजे नादिरवर असतो. जानेवारीच्या २१ तारखेच्या आसपास पुन्हा एकदा. त्या क्षणी शहराच्या बरोबर विरुद्ध बाजूला शून्य सावलीची दुपार चालू असते. तिथे सावली बघायला मात्र कुणी नाही. तो भाग प्रशांत महासागरात येतो, ईस्टर बेटापासून उत्तर-ईशान्येला नऊशे किलोमीटरच्या आसपास, सगळं पाणीच पाणी.

ओळंबा पृथ्वीच्या केंद्राकडे बोट दाखवतो असं आपण शाळेत शिकतो. तेवढं खरं नाही. पृथ्वी ध्रुवांकडे चपटी आहे आणि स्वतःभोवती फिरतेही, त्यामुळे आपल्या अक्षांशावर ओळंब्याची रेषा केंद्राच्या बाजूने तेरा-चौदा किलोमीटरवरून निघून जाते. ही झाली नेमाची गोष्ट, गणितात बसणारी. त्यापलीकडे जवळचा मोठा डोंगर लट्टूला किंचित स्वतःकडे ओढतो. एकोणिसाव्या शतकात भारताची त्रिकोणमितीय मोजणी झाली. विल्यम लँबटनने दक्षिणेकडून साखळी आणि दुर्बीण घेऊन वर येता येता बिदरजवळ, म्हणजे आपल्या उदगीर-देगलूरच्या शेजारी, पायारेषा (पुढच्या सगळ्या मोजणीचा आधार असलेली जमिनीवरची रेषा) मोजली होती. १८२३ साली हिंगणघाटला तो वारला. पुढे जॉर्ज एव्हरेस्टने काम हिमालयाच्या पायथ्यापर्यंत नेलं. मध्य प्रदेशातलं कल्याणपूर आणि मुझफ्फरनगरजवळचं कालियाना, या दोन ठाण्यांच्या अक्षांशांतला फरक जमिनीवरून मोजला तर एक आणि ताऱ्यांवरून मोजला तर दुसरा. तफावत फक्त ५.२४ सेकंदांची (इथे सेकंद म्हणजे अंशाचा ३६००वा भाग), जमिनीवर दीडशे-एकशेसाठ मीटर. पण एव्हरेस्टच्या माणसांसाठी ती डोळ्यात गेलेल्या कुसळासारखी होती. संशय ओळंब्यावर गेला: हिमालय त्याला ओढतोय. प्रॅट नावाच्या पाद्र्याने हिमालयाचं ओझं धरून गणित केलं, तर ओढ पंधरा सेकंदांहून जास्त निघायला हवी होती. म्हणजे डोंगर असायला हवा तेवढा ओढत नव्हता. १८५५ मध्ये प्रॅट आणि खगोलशास्त्रज्ञ एअरी यांचे लेख आले. एअरीने म्हटलं की डोंगराखाली हलक्या खडकाचं मूळ खोलवर गेलेलं असणार. पृथ्वीच्या कवचाचा समतोल ही कल्पना तिथून निघाली. एक लट्टू सरळ लटकत नाही या तक्रारीतून पृथ्वीच्या पोटाचा अंदाज आला. मी आमच्या पोरांना यंत्र लावताना ओळंबा हलतोय का ते तीनदा बघायला लावतो, तेव्हा हीच गोष्ट सांगतो. ते ऐकतात आणि मोबाईल काढतात.

आता तुमच्या ड्रोनकडे. ड्रोनच्या भाषेत नादिर फोटो म्हणजे कॅमेरा सरळ खाली रोखून घेतलेला फोटो. पहिली अडचण आकड्यांची. थिओडोलाइट किंवा टोटल स्टेशनवर (मोजणीची कोन मोजणारी यंत्रं) खमध्य शून्य अंश, क्षितिज ९० आणि नादिर १८०. ड्रोनच्या गिंबलवर, म्हणजे कॅमेरा धरून फिरवणाऱ्या सांध्यावर, समोर बघणं शून्य आणि सरळ खाली बघणं उणे ९०. उपग्रहवाले 'नादिरपासून किती तिरपा' ते मोजतात, त्यांच्याकडे सरळ खाली म्हणजेच शून्य. एकाच दिशेला तीन आकडे. दुसऱ्या कामावरून येणारा माणूस इथे हमखास चुकतो. गिंबल उणे ९० ऐवजी उणे ८५ वर राहिला, तर १२० मीटर उंचीवरून फोटोचा मध्य जमिनीवर साडेदहा मीटर पुढे पडतो. पडद्यावर चित्र छान दिसतं, म्हणून कुणाच्या लक्षातही येत नाही.

नादिर का महत्त्वाचा, ते माझ्या एका फजितीवरून सांगतो. परंडा तालुक्यातलं एक गाव. रस्त्याचं काम घेतलेल्याला नकाशा संध्याकाळपर्यंत हवा होता. शंभर फोटो जुळवून ऑर्थोफोटो (झुकाव काढून टाकलेला, नकाशासारखा फोटो) करायला वेळ नव्हता, म्हणून मी एकाच फोटोवर रेषा मारल्या. गावात १८ मीटर उंच पाण्याची टाकी होती. फोटो काढताना ड्रोनच्या नादिरपासून टाकी साधारण ६० मीटर लांब होती. मी टाकीचं गोल झाकण बघितलं आणि तीच टाकीची जागा धरली. दुसऱ्या दिवशी ग्रामपंचायतीत नकाशा उघडला. शेजारच्या प्लॉटचा मालक चष्मा पुसून नकाशावर वाकला, बोटाने माग काढत आला आणि म्हणाला, "साहेब, ही टाकी माझ्या जागेत कवापासून आली?" सगळे हसले, तो हसला नाही. त्याच्या जागेचा आधीच बांधावरून वाद चालू होता.

हिशेब साधा आहे आणि तो प्रत्येक ड्रोनवाल्याला तोंडपाठ पाहिजे. नादिरपासूनचं अंतर गुणिले वस्तूची उंची, भागिले ड्रोनच्या उंचीतून वस्तूची उंची वजा करून जे उरेल ते. ६० गुणिले १८ म्हणजे १०८०. १२० वजा १८ म्हणजे १०२. भागाकार साडेदहा मीटरच्या जरा वर. टाकीचं डोकं फोटोत नादिरपासून बाहेरच्या बाजूला एवढं ढकललं गेलं होतं. पाय जागेवर, डोकं शेजाऱ्याच्या अंगणात. हे गणित मी तिथे फळ्यावर मांडलं, पण कुणाला पटेना. मग टाकीवर पाणी सोडणारा पोरगा वर चढला, दोरीला दगड बांधून कठड्यावरून खाली सोडला. दगड हेलकावे खात खात थांबला तो ग्रामपंचायतीच्याच जागेत, टाकीच्या खांबाला अगदी लागून. मालक दगडाजवळ बसला, हाताने जमीन चाचपली आणि म्हणाला, "मंग कागूद चुकला." कागद चुकला नव्हता, मी चुकलो होतो, पण मी ते तिथे बोललो नाही. रात्री बसून पूर्ण ऑर्थोफोटो केला आणि नवा नकाशा स्वतः नेऊन दिला.

म्हणून ७५-८० टक्के एकमेकांवर चढणारे फोटो काढतात. प्रत्येक फोटोचा फक्त मधला, नादिरजवळचा तुकडा वापरला की झुकाव किरकोळ राहतो. उंच वस्तू बाहेर झुकतात आणि खोल वस्तू उलट आत. त्यामुळे मे महिन्यात कुणी विचारलं, 'आमच्या विहिरीला पाणी आहे का ते ड्रोनने बघा', तर विहीर बरोबर कॅमेऱ्याखाली घ्या; जरा बाजूला गेलात तर कातळाची भिंत दिसेल, पाणी दिसणार नाही. बारवा याच कारणाने नादिरमधून फार सुंदर येतात. परभणी जिल्ह्यातल्या वालूरची चक्राकार बारव जमिनीवर उभं राहून कितीही बघा, पायऱ्यांचं वेटोळं कळत नाही; वरून सरळ बघितलं की शंखाच्या आतल्या वळणासारखं उलगडतं. वेरूळच्या कैलास लेण्याच्या सभामंडपाच्या छतावर कमळ आणि चार सिंह कोरलेत, ते खाली फिरणाऱ्याला दिसतच नाहीत. (तिथे परवानगीशिवाय ड्रोन उडवायच्या भानगडीत पडू नका, आणि बाकी ठिकाणीही हिरव्या पट्ट्यात (ग्रीन झोन, जिथे आधी परवानगी लागत नाही) १२० मीटरची मर्यादा लक्षात ठेवा.) पण नादिरलाच सगळं समजू नका. त्यात घराचं छप्पर येतं, भिंत येत नाही. ओसरी, खिडकी, कमान काहीच नाही. वाड्याचं त्रिमितीय चित्र हवं असेल तर तिरपे फोटोही लागतात. नकाशाला नादिर, वास्तूला तिरपे. गावठाणाच्या स्वामित्व योजनेत २०२० पासून जे ड्रोन फिरले, त्यांचा भर नकाशावर, म्हणून तिथे नादिर.

उपग्रहाचं पण तेच, फक्त उंची वाढते. लँडसॅट ७०५ किलोमीटरवरून खालची १८५ किलोमीटर रुंद पट्टी टिपतो, आणि पट्टीचा मधला धागा त्याचा नादिर. आपल्या हवामानाच्या उपग्रहांची गोष्ट वेगळी. ते विषुववृत्ताच्या वर एका जागी थांबलेले असतात. इन्सॅट-३डीआर ७४ अंश रेखांशावर आहे, त्याचा नादिर मालदीवच्या जवळ समुद्रात. म्हणजे मराठवाड्याकडे तो नेहमी तिरपाच बघतो. जून-सप्टेंबरात बीड किंवा जालन्यावर पंधरा किलोमीटर उंच गडगडाटी ढग चढला, तर त्या चित्रात ढगाचा माथा खऱ्या जागेपासून सहा-साडेसहा किलोमीटर उत्तरेला सरकलेला दिसतो. टाकीचं डोकं सरकलं तसंच. उपग्रहाच्या फोटोत ढग तुमच्या शिवारावर दिसतो आणि पाऊस दक्षिणेच्या गावात पडतो, त्यामागे कधी कधी एवढंच कारण असतं.

कुठे हा शब्द वापरू नये तेही सांगतो. जायकवाडीच्या मृतसाठ्याला कुणी नादिर म्हणू नये. धरणाची एकूण क्षमता १०२ टीएमसीच्या वर आणि त्यातला २६ टीएमसीच्या आसपास मृतसाठा. तो दारांच्या पातळीवरून ठरतो, पाणी किती उतरलं त्यावरून नाही. दुष्काळात पाणी त्याच्याही खाली जातं. विहिरींच्या पातळीचं मात्र म्हणता येईल, कारण भूजल सर्वेक्षणवाले निरीक्षण विहिरी वर्षातून चारदा मोजतात आणि मेमधली पातळी सहसा सगळ्यात खोल असते. पण त्यासाठी आपल्याकडे 'विहिरीनं तळ गाठला' असताना नादिर कशाला? तापमानाला आणि शेअर बाजाराला 'नीचांक' आहेच. कुंडलीतलं चौथं स्थान, ज्याला पाताळ म्हणतात, त्यालाही काही लोक हल्ली नादिर म्हणतात. तो राशिचक्र आणि याम्योत्तर वृत्त (खमध्यातून जाणारं उत्तर-दक्षिण वर्तुळ) यांचा क्षितिजाखालचा छेदबिंदू. नादिरशी तो क्वचितच जुळतो. आणि ग्रह 'नीचेचा' होणं हे तर तिसरंच प्रकरण.

आता दवाखाना. इथे नादिर दिशेतून बाहेर येऊन काळात शिरतो. मोजलेली कुठलीही गोष्ट खाली जाऊन पुन्हा वर येणार असेल, तर तिच्या सगळ्यात खालच्या टोकाला वैद्यकात नादिर म्हणतात. शरीराचं तापमान पहाटे चारच्या सुमारास नादिरला असतं. प्रोस्टेटच्या रेडिएशननंतर पीएसए (प्रोस्टेटसाठीची रक्ततपासणी) ज्या आकड्यापर्यंत उतरतो तो नादिर. त्याच्यावर २ ने चढला की आजार परतल्याची शंका घेतात. पण सगळ्यात जास्त हा शब्द ऐकू येतो तो केमोच्या वॉर्डात.

मी डॉक्टर नाही. माझ्या थोरल्या भावाच्या केमोच्या सहा फेऱ्यांत जे बघितलं आणि डॉक्टरांना विचारून विचारून जे समजून घेतलं, तेवढंच सांगतो. केमोचं औषध भराभर वाढणाऱ्या पेशींवर पडतं. कॅन्सरच्या पेशी तशा, आणि हाडांच्या मगजात रक्त तयार करणाऱ्या पेशीही तशाच. लाल पेशी जवळपास १२० दिवस टिकतात, त्यामुळे त्या हळूहळू कमी होतात. प्लेटलेट आठ-दहा दिवस. पांढऱ्या पेशींमधले संसर्गाशी लढणारे न्यूट्रोफिल रक्तात फार थोडा वेळ टिकतात. मागून पुरवठा थांबला की तेच आधी संपतात. बहुतेक औषधांत नादिर सात ते चौदा दिवसांत येतो आणि तिसऱ्या-चौथ्या आठवड्यापर्यंत आकडे सावरतात, म्हणूनच पुष्कळदा पुढची फेरी २१ दिवसांनी असते. काही औषधांचा नादिर फार उशिरा, चार-सहा आठवड्यांनी येतो. त्यामुळे शेजारच्या कॉटवरच्या माणसाचा नादिर कधी आला ते बघून आपला ठरवू नका. तोही ज्याचा त्याचाच.

दुसऱ्या फेरीनंतर अकराव्या दिवशी पुतण्याच्या मुलाचं बारसं होतं. दादांचं म्हणणं, 'मला काही होत नाही, चार माणसांत बसलो की बरं वाटतं.' डॉक्टरांनी फाईलवर लिहिलेलं मी वाचलं होतं, तरी गप्प बसलो. पंगतीला बसले, उसाचा रस प्याले. रात्री अकराला थंडी वाजून आली, थर्मामीटरवर १०१. गावाहून शहरातला दवाखाना सत्तर किलोमीटर. भरती केल्यावर रिपोर्ट आला: पांढऱ्या पेशी १४००, त्यात न्यूट्रोफिल २० टक्के. सिस्टरने तिथेच कागदावर गुणाकार करून दाखवला, १४०० चे २० टक्के म्हणजे २८०. ५०० च्या खाली म्हणजे धोक्याचं, असं तिने सांगितलं आणि तासाभरात सलाइनमधून अँटिबायोटिक सुरू झालं. हा गुणाकार तुम्हीही शिकून ठेवा. नुसत्या पांढऱ्या पेशींचा आकडा बघून हुश्श करू नका.

तेराव्या दिवशी पांढऱ्या पेशींचा आकडा आणखी उतरला, १४०० वरून ११००. दादांचा धीर तिथे सुटला. पंधराव्या दिवशी २३००. डॉक्टर राउंडला आले तेव्हा म्हणाले, "म्हणजे तेराव्या दिवशी नादिर होता." दादा चिडले, "मग तेराव्या दिवशीच का नाही सांगितलं? मी रात्रभर झोपलो नाही." डॉक्टर म्हणाले, "त्या दिवशी मलाही माहीत नव्हतं."

मला माझा ओळंबा आठवला. लट्टू थांबला की नादिर तिथल्या तिथे दाखवतो. रक्ताचा नादिर पुढचा आकडा वर आल्याशिवाय कळत नाही, तोवर तो नुसता कालच्यापेक्षा खालचा आकडा असतो. म्हणून फाईलवरचा 'दहाव्या दिवसाच्या आसपास' हा अंदाज आहे, तारीख नव्हे.

तेव्हा काकांसाठी एक वही करा. प्रत्येक फेरीत केमो ज्या दिवशी सुरू झाली तो दिवस एक धरून तारखा मांडा; ३ तारखेला झाली असेल तर दहावा दिवस १२ तारीख. डॉक्टर मोजणी शून्यापासून धरतात की एकपासून, ते एकदा विचारून घ्या. प्रत्येक सीबीसीचे (रक्तपेशी मोजण्याच्या तपासणीचे) आकडे तारखेसमोर लिहा. सातव्या दिवसापासून चौदाव्यापर्यंत घरात चालू थर्मामीटर, दवाखान्याचा रात्रीचा नंबर आणि गाडीत डिझेल ठेवा. त्या दिवसांत बारसं, लग्न, बाजार, रसवंती नको. आणि तुम्ही उद्या फ्लाइटला जाल तेव्हा गिंबलचा आकडा उणे ९० दिसतोय का ते उडवण्याआधी बघा. पहिला फोटो आला की त्यातल्या विजेच्या खांबाकडे बघा. खांब मध्याजवळ असून आडवा पडलेला दिसत असेल तर ड्रोन खाली उतरवा.